मुलाला केरॅटोकोनस निघालाय, सोलापुरातलं कुणी यातून गेलंय का?

टेरीटॉवेल | रविवार, रात्री ११:२०

नमस्कार मंडळी. एरवी मी इथं फक्त वाचायला येतो, फार तर हुरड्याच्या धाग्यावर दोन ओळी टाकतो. आज जरा लांबण लागणार आहे, सांभाळून घ्या.

थोरला मुलगा १९ वर्षांचा, डिप्लोमाच्या शेवटच्या वर्षाला. दहावीत चष्मा लागला आणि तिथून चार वर्षांत पाच चष्मे झाले. दर वेळी तेच. दुकानात मशीनवर हनुवटी टेकवायची, चिठ्ठी बाहेर यायची, नंबर वाढलेला. वर "मोबाईल कमी कर रे बाबा" हा सल्ला फुकट. मीही तेच म्हणत होतो, खोटं कशाला बोलू. रात्री त्याच्या हातातून मोबाईल ओढून घेतलाय कितीदा तरी. शेवटचे दोन चष्मे आणले तेव्हा मात्र पोरगं म्हणालं, "पप्पा, अक्षर गडद झालं, पण एकाचं एक झालं नाही." मला त्याचा अर्थच कळला नाही.

यंदा गड्ड्याच्या जत्रेला शोभेचं दारूकाम बघायला होम मैदानावर गेलो होतो. सगळे वर बघून ओरडत होते आणि हा एकदा डावा डोळा झाकत होता, एकदा उजवा. काय करलालास बे, विचारलं. म्हणाला, "उजव्या डोळ्यानं प्रत्येक ठिणगीला खाली दाढी दिसते." आम्ही हसलो. धाकटीनं तर पुढं आठवडाभर त्याला 'दाढीवाला' म्हणून चिडवलं.

मग मित्रांच्या नादानं पोलीस भरतीचं डोक्यात घेतलं. चष्मा चालत नाही असं कुणीतरी भरवलं, म्हणून लेझरनं नंबर घालवायचा हट्ट. मी पैशाची जुळणी केली. ऑपरेशनआधी बुबुळाचा नकाशा काढतात, तिथं गाडी अडली. त्या रंगीत कागदावर उजव्या बुबुळाच्या मध्यापासून जरा खाली लाल डाग, भोवती पिवळा, मग हिरवा. टीव्हीवर समुद्रातलं वादळ दाखवतात ना, तसा. डॉक्टरबाईंनी कागद माझ्याकडं फिरवला आणि म्हणाल्या, "याचं लॅसिक कुणी करून देतो म्हणालं तरी करू नका."

रिपोर्टातले आकडे: उजव्या बुबुळाचं वळण ५३ डायॉप्टर, सगळ्यात पातळ जागा ४५२ मायक्रॉन. डावा ४६.५ आणि ४९८. सी३आर नावाचा उपचार करून घ्या, फार थांबू नका, असं सांगितलंय.

हे नेमकं काय आहे? आमच्या घरात कुणाला नाही. सी३आर केल्यावर चष्मा जातो का? इथंच करावं की पुणे-हैदराबाद गाठावं? बायको तीन रात्री झोपलेली नाही.

---

शेंगाचटणी | रविवार, रात्री ११:४१

बाप रे. नाव पहिल्यांदाच ऐकलं. वाचतेय.

---

भिंगवाली | सोमवार, सकाळी ७:०५

टेरीटॉवेल दादा, मी ऑप्टोमेट्रिस्ट, म्हणजे डोळे तपासून नंबर काढणारी, आहे. वीस वर्षं लोकांच्या डोळ्यांत टॉर्च मारतेय. डॉक्टर नाही, त्यामुळं उपचार तुमच्या बाई सांगतील तेच. पण आजार काय आहे ते सांगते.

डोळ्याच्या काळ्या भागावर घड्याळाच्या काचेसारखा पारदर्शक पडदा असतो, तो कॉर्निया. आपण बोलताना सरसकट बुबुळच म्हणतो, मीही तेच म्हणते. चांगल्या डोळ्यात तो मध्यभागी साधारण ५४० मायक्रॉन, म्हणजे अर्धा मिलिमीटर जाड असतो आणि त्याचं वळण ४३-४४ डायॉप्टरच्या आसपास. केरॅटोकोनसमध्ये तो एका जागी पातळ होतो. डोळ्याच्या आत पाण्याचा दाब असतोच. पातळ जागा त्या दाबानं पुढं येते आणि गोल घुमटाचा शंकू व्हायला लागतो. ५३ म्हणजे तिथं वळण फारच उभं झालंय.

आयडीवरून तुमचा धंदा कळला, म्हणून तुमच्याच भाषेत सांगते. कॉर्नियाची बहुतेक जाडी कोलॅजनच्या धाग्यांची. थरावर थर, एका थराचे धागे एका दिशेला, पुढच्याचे दुसऱ्या. ताणा-बाणा समजा. या आजारात धाग्यांना एकमेकांशी धरून ठेवणारे सांधे ढिले पडतात. जुना पायजमा गुडघ्यावर विरतो आणि तिथंच पोंगा येतो. सुताचा रंग तोच, नक्षी तीच, फक्त वीण धरत नाही.

'दाढी' अगदी बरोबर सांगितली पोरानं. शंकू बहुधा मध्यापासून खाली असतो, त्यामुळं प्रकाश एका बिंदूवर जमत नाही, खाली ओघळल्यासारखा दिसतो. कुणाला एका डोळ्यानं तीन चंद्र दिसतात, कुणाला अक्षराला सावली. चष्म्याची काच गुळगुळीत आणि तुमचं बुबुळ ओबडधोबड, म्हणून नंबर कितीही बदला, "एकाचं एक" होत नाही. हे वाक्य मी आता प्रत्येक पेशंटला विचारणार आहे.

एक प्रश्न. मुलगा डोळे चोळतो का?

---

टेरीटॉवेल | सोमवार, सकाळी ७:३०

चोळतो का? ताई, मूठ वळून बोटांच्या मधल्या पेरांनी चोळतो. पहाटे सगळं शांत असताना शेजारच्या खोलीत 'पचक पचक' ऐकू येतं. लहानपणापासून. उन्हाळा लागला की डोळे लाल, सकाळी पापण्यांना तारा. आई म्हणायची उष्णता आहे, आणि कोथिंबिरीच्या पाण्याच्या घड्या ठेवायची.

---

भिंगवाली | सोमवार, सकाळी ७:५२

वाटलंच. ती उष्णता नव्हे, ऍलर्जी. कोरडं ऊन, धूळ, त्यात तुमच्याकडं सुताचा भुगा. आपल्यासारख्या गरम कोरड्या मुलखात लहान मुलांत, त्यातही मुलग्यांत, हे फार दिसतं. वरची पापणी उलटी केली की आत दाणे दिसतात. खाज येते, मूल चोळतं, चोळल्यानं आणखी खाज सुटते.

चोळणं हेच मुख्य कारण आहे असं ठामपणे मानणारे डॉक्टर आहेत. बाकीचे एवढं टोक गाठत नाहीत, ते म्हणतात मुळात बुबुळ कच्चं असतं, आनुवंशिक भाग असतो, त्यात चोळण्यानं भर पडते. पण चोळणं आजच्या आज बंद झालं पाहिजे, याबद्दल दोन्हीकडच्यांचं एकमत आहे. सी३आर करूनही चोळत राहिला तर पुन्हा पुढं सरकू शकतं.

आणि हो, पालथं झोपून डोळा उशीवर किंवा मनगटावर दाबायची सवय असेल तर तीही मोडा.

---

शंकेखोर | सोमवार, दुपारी १:१५

राग मानू नका, पण माझ्या पन्नाशीत मी हा आजार ऐकला नाही. आजकाल मशीन आलं की मशीनला पुरेल असा आजार येतो. आमच्या पिढीत पोरं डोळे चोळत नव्हती का?

---

भिंगवाली | सोमवार, दुपारी २:४०

शंका रास्त आहे. आजार मात्र जुना आहे. इंग्लंडमधल्या जॉन नॉटिंगहॅम या डॉक्टरांनी १८५४ मध्ये शंकूसारख्या बुबुळावर अख्खं पुस्तक लिहिलंय. काळ्या-पांढऱ्या वर्तुळांची चकती डोळ्यासमोर धरून बुबुळात तिचं प्रतिबिंब बघायचं, ही पोर्तुगालच्या प्लासिदो यांची १८८० ची युक्ती. वर्तुळं गोल दिसली तर ठीक, खाली दबून अंड्यासारखी झाली तर गडबड. आजचा रंगीत नकाशा त्याच चकतीचा नातू. त्याच्या पुढची मशीन बुबुळाची मागची बाजू आणि जाडीही मोजतात. आजार मागच्या बाजूनं आधी दिसतो, म्हणून ती लागतात.

आणि दूर कशाला, नागपूरजवळच्या खेड्यांत तिशीच्या वरच्या लोकांची तपासणी झाली, त्यात शंभरात दोनांहून जास्त जणांचं वळण ४८ डायॉप्टरच्या वर निघालं. नुसतं वळण मोजून काढलेला आकडा आहे, प्रत्येकाचा नकाशा काढून नव्हे, म्हणून तो फुगलेला असावा असंही म्हणतात. निम्मा धरला तरी थोडा नाही.

तुमच्या पिढीत ज्याला चष्म्यानं नीट दिसायचं नाही त्याला लोक काय म्हणायचे? "नजर अधू आहे." तिथं विषय संपायचा.

---

अण्णा_७२ | सोमवार, सायंकाळी ६:१०

बाळ, घाबरून जाऊ नकोस. आमच्या लहानपणी याला खुपऱ्या म्हणायचे. आई एरंडेल तेलाचं बोट फिरवायची. गाईचं जुनं तूप आणि मध समप्रमाणात घेऊन रात्री एक थेंब सोडावा. सकाळी हिरवळीवर अनवाणी चालावं. माझा चष्मा साठीपर्यंत आला नाही.

---

हुतात्माने_येजा | सोमवार, रात्री ९:३०

अण्णा, मनापासून नमस्कार, पण हे नको. खुपऱ्या वेगळ्या, त्या पापणीच्या आतल्या रोगाच्या. मधानं बुबुळ जाड होत नाही. घरचं काही डोळ्यात सोडलं आणि जंतू गेला तर पातळ बुबुळाला जखम व्हायची. हे मी वाचून सांगत नाही, माझ्यावर प्रयोग झालेत.

मी मूळचा अक्कलकोट रोडचा, नोकरी पुण्यात. बाविसाव्या वर्षी दोन्ही डोळ्यांत निघाला. तेव्हा मी सी३आर टाळलं. "डॉक्टर म्हणतात की त्यानं नजर सुधारणार नाही, मग खर्च कशाला?" हा माझा हिशेब. दोन वर्षांनी मे महिन्यात दुपारी जेवून उठलो आणि डाव्या डोळ्यापुढं एकदम दूध सांडल्यासारखं झालं. दुखणं, पाणी, उजेड सहन होईना. आरशात बघितलं तर बुबुळावर निळसर पांढरा ढग. आजी म्हणाली, "फूल पडलं रे पोराच्या डोळ्यात."

त्याला हायड्रॉप्स म्हणतात. बुबुळ इतकं ताणलं जातं की आतल्या बाजूचा पातळ पापुद्रा फाटतो आणि डोळ्यातलं पाणी बुबुळात शिरतं. दोन-तीन महिन्यांत ते ओसरलं, पण डाग राहिला. शेवटी बुबुळ बदलावं लागलं. एरवी आतला पापुद्रा शाबूत असेल तर तो स्वतःचाच ठेवून वरचे थर बदलता येतात, त्यात शरीरानं नवं बुबुळ नाकारायचा धोका बराच कमी. माझा तर तोच फाटलेला, म्हणून पूर्ण जाडीचं बसवलं. सोळा टाके. टाके पूर्ण निघायला वर्षाच्या वर लागलं.

कुणाच्या तरी घरच्यांनी रडत असताना नेत्रदानाचा फोन केला, म्हणून मी आज हे दोन्ही डोळ्यांनी टाइप करतोय. ते कोण हे मला कधीच कळणार नाही.

तर टेरीटॉवेल, तुमच्या प्रश्नाचं उत्तर: नाही, सी३आरनं चष्मा जात नाही. आजार आहे तिथं थांबवायला ते करतात. ५३ वर थांबला तर पोरगं लेन्स लावून आयुष्य काढेल. ६५ वर गेला तर माझ्या रांगेत येईल.

---

टेरीटॉवेल | सोमवार, रात्री १०:०५

हे वाचून दाखवलं दोघांना. मुलगा काही बोलला नाही, हात मांडीखाली घालून बसला.

---

कडकभाकरी | मंगळवार, सकाळी ११:००

सी३आरमध्ये नेमकं करतात काय? नावावरून रॉकेट वाटतंय.

---

भिंगवाली | मंगळवार, दुपारी ३:२०

डोळ्यात बधीर करणारे थेंब. मग बुबुळाची वरची साल, साधारण ९ मिलिमीटर गोल, अलगद काढतात. त्यावर अर्धा तास रायबोफ्लेव्हिनचे पिवळे थेंब, हेच ते ब२ जीवनसत्त्व. मग ३७० नॅनोमीटरच्या आसपासचा अतिनील प्रकाश, मूळ पद्धतीत ३० मिनिटं. आता प्रकाशाची तीव्रता वाढवून दहा मिनिटांतही करतात. प्रकाश आणि ब२ एकत्र आले की धाग्याधाग्यांत नवे सांधे तयार होतात. विरलेल्या कापडाला जागोजागी टाचण मारल्यासारखं. जर्मनीत ड्रेस्डेनला ही पद्धत बसवली गेली, पेशंटांवरचे निष्कर्ष २००३ मध्ये छापून आले. अमेरिकेत सरकारी मान्यता मिळायला २०१६ उजाडलं, आपल्याकडं त्याच्या बरंच आधीपासून करतात.

अट एकच महत्त्वाची. साल काढल्यावर बुबुळ निदान ४०० मायक्रॉन असावं, नाहीतर किरण आतल्या पेशींना इजा करतात. साल साधारण ५० मायक्रॉनची. म्हणजे दादा, तुमचा मुलगा ४५२ वर अगदी काठावर आहे. त्याहून पातळ झाल्यावरही बुबुळ फुगवून करायच्या युक्त्या आहेत, पण सरळ रस्ता मोकळा असताना आडवाटेनं का जा. बाई "फार थांबू नका" म्हणाल्या त्या याच साठी.

---

कडकभाकरी | मंगळवार, दुपारी ३:३५

म्हणजे ब२ च्या गोळ्या खाऊन सोलापूरच्या उन्हात उभं राहिलं तर? ४३ अंश फुकट आहे आपल्याकडं 😀

---

भिंगवाली | मंगळवार, दुपारी ३:५०

हसू आलं, पण खरंच असं विचारणारे येतात. नाही चालत. प्रकाशाची लांबी, मात्रा, वेळ सगळं मोजून असतं. उन्हात डोळे उघडे ठेवून उभं राहिलात तर वेगळ्याच डॉक्टरकडं जावं लागेल.

---

पद्मा_पूर्वभाग | मंगळवार, रात्री ८:४५

माझ्या भावाचं झालंय. आम्ही पूर्व भागातले, नातेवाईक निम्मे हैदराबादला, त्यामुळं आमच्याकडं डोळ्याचं काही मोठं निघालं की पाय आपसूक तिकडंच वळतात. तिथल्या एल. व्ही. प्रसाद नेत्ररुग्णालयात दाखवलं. मोठ्या ठिकाणी दिवस जातो, डबा आणि धीर दोन्ही बरोबर न्यायचे. पण सी३आर करायला हैदराबादच पाहिजे असं नाही, हे तिथल्याच डॉक्टरांनी सांगितलं. नकाशा काढायचं चांगलं मशीन, कॉर्नियाचा डॉक्टर आणि नंतर दर सहा महिन्यांनी त्याच मशीनवर तपासणी, हे जिथं जमेल तिथं करा. मशीन बदललं की आकडे एकमेकांशी जुळत नाहीत, मग वाढलं की नाही यावर नुसता वाद.

मला दुसरंच सांगायचंय. भावाला खाजेसाठी मेडिकलमधून कुणीतरी एक थेंब दिला होता. सोडला की पाच मिनिटांत डोळा पांढराशुभ्र. आई खूश. बाटली संपली की नवी, चिठ्ठी कुणी मागितली नाही. तीन वर्षं. त्यात स्टेरॉइड होतं. केरॅटोकोनस तर निघालाच, वर डोळ्याचा दाब वाढून काचबिंदूची सुरुवात. बुबुळ वाचवता आलं, पण काचबिंदूनं गेलेली नजर परत येत नाही म्हणे. त्या दुकानासमोरून जाताना अजून माझं डोकं फिरतं. पण आम्हीही कधी बाटलीवरचं वाचलं नव्हतं.

टेरीटॉवेल काका, घरात तसली अर्धी बाटली असेल तर आधी डॉक्टरांना दाखवा.

---

टेरीटॉवेल | मंगळवार, रात्री ९:२०

फ्रिजच्या दारात होती.

---

शेंगाचटणी | मंगळवार, रात्री ९:२५

🙏 आमच्याकडंही आहे. उद्याच विचारते.

---

भिंगवाली | मंगळवार, रात्री ९:४०

डॉक्टरांच्या देखरेखीखाली स्टेरॉइडचा थेंब गरजेला वापरतातच, तो विषारी नव्हे. मनानं महिनोन् महिने चालवणं वाईट. नेहमीच्या खाजेसाठी ऍलर्जीचे वेगळे, सुरक्षित थेंब असतात. गार पाण्याच्या घड्या उत्तम. आजीच्या कोथिंबिरीतला गुण गारव्याचा होता, घड्या चालू ठेवा, फक्त बंद डोळ्यांवर.

---

टेरीटॉवेल | दोन आठवड्यांनी, शनिवार, दुपारी ४:००

उजव्या डोळ्याचं सी३आर गुरुवारी झालं. डावा तीन महिने बघू म्हणाल्या, वाढला तर त्याचंही.

मला आत सोडलं नाही, काचेतून बघत होतो. पोराच्या पापण्या तारेच्या चिमट्यानं उघड्या धरलेल्या, बुबुळ पिवळंधमक, वर जांभळट निळा दिवा. अख्खा वेळ त्याचा पायाचा अंगठा हलत होता, बाकी शरीर दगड. बाहेर आला तेव्हा हसत होता. "काहीच नाही पप्पा, भूक लागली." सात रस्त्यावर थांबून खाल्लंसुद्धा.

बधिरपणा उतरल्यावर रात्री नऊनंतर खरं सुरू झालं. मिरचीच्या डंकात डोळा धरल्यासारखं, असं म्हणाला. साल काढलेल्या जागेवर पट्टीसारखी मऊ लेन्स बसवलीय तरी. खोलीत अंधार, कपाळावर ओला पंचा, गोळी. पहाटे तीनला जरा डोळा लागला. काल कालच्यापेक्षा... म्हणजे आज कालच्यापेक्षा बरं आहे, लिहितानाही गोंधळ होतोय. चार-पाच दिवसांत साल भरते, मग ती लेन्स काढतील. पहिले काही आठवडे उलट जास्त धूसर दिसेल, घाबरू नका, असं आधीच सांगितलंय.

खर्चाबद्दल दोघांनी विचारलंय. ठिकाणागणिक आणि पद्धतीगणिक इतका फरक निघाला की इथं आकडा टाकला तर कुणाची तरी दिशाभूल होईल. दोन ठिकाणी लेखी अंदाज मागा, विमा असेल तर आधी मंजुरी घ्या. मी उत्साहात आधी पैसे भरले आणि मग विम्याला फोन केला. व्हायचं तेच झालं.

---

हुतात्माने_येजा | शनिवार, सायंकाळी ५:१०

तिसरा दिवस पार पडला की सुटलात. त्याला सांगा, पुढची पायरी लेन्सची आहे आणि ती मजेशीर आहे.

मी आठ वर्षं कडक लहान लेन्स वापरली. ओबडधोबड बुबुळ आणि कडक लेन्स यांच्यामधली जागा अश्रू भरून काढतात आणि डोळ्याला नवी गुळगुळीत काच मिळते. पहिल्यांदा लावली तेव्हा समोरच्या झाडाला सुटी सुटी पानं आहेत हे दिसलं आणि मी पंधरा मिनिटं नुसतं झाड बघत उभा होतो. पण होटगी रोडला मोटारसायकलवर धुळीचा एक कण आत गेला की गाडी कडेला घेऊन रडत बसायचं. एकदा आसरा चौकात लेन्सच उडाली. मी चार पायांवर, मागं रिक्षांची रांग, एक मावशी विचारतेय "काय सोनं पडलं का रे?" म्हटलं मावशी, तेच समजा.

आता स्क्लेरल वापरतो. मोठी असते, डोळ्याच्या पांढऱ्या भागावर टेकते, बुबुळाला शिवत नाही. तिच्या वाटीत सलाइन काठोकाठ भरायचं, मान खाली घालून जमिनीकडं बघायचं आणि खालून वर बसवायची. आत बुडबुडा राहिला की काढून पुन्हा. पहिल्या महिन्यात मला अर्धा तास लागायचा आणि शिव्या वेगळ्या. आता पहाटे हुतात्मा एक्सप्रेस पकडायच्या घाईत दोन मिनिटांत होतं. नळाचं पाणी मात्र लेन्सला कधीही लावायचं नाही, त्यातला एक सूक्ष्म जीव बुबुळ खातो. आणि लेन्स लावून झोपायचं नाही.

लेन्सनं आजार थांबत नाही, हेही त्याला सांगून ठेवा. लेन्स दिसण्यासाठी, सी३आर थांबवण्यासाठी. ही दोन कामं मी एक समजलो होतो, त्याचे सोळा टाके.

---

शंकेखोर | शनिवार, रात्री १०:३०

मागं घेतो शब्द. पुतण्या आहे, चौदा वर्षांचा, मूठ वळून चोळतो. चष्म्याचा सिलेंडर नंबर वर्षात दुप्पट झालाय. कुठून सुरुवात करू?

---

भिंगवाली | रविवार, सकाळी ८:००

त्याच चिठ्ठीपासून. लहान वयात सिलेंडर, म्हणजे बुबुळाच्या असमान वळणाचा नंबर, झरझर वाढणं, दोन डोळ्यांत बराच फरक, चष्मा लावूनही शेवटच्या ओळी न वाचता येणं, यातलं काहीही असेल तर बुबुळाचा नकाशा काढायला सांगा. दुकानातलं स्वयंचलित मशीन फक्त आकडा देतं. हातात रेटिनोस्कोप धरून बघणाऱ्याला डोळ्यातला प्रकाश कात्रीच्या पात्यांसारखा उघडमिट करताना दिसतो, पण ते बघायला माणूस लागतो आणि पाच मिनिटं. आमच्या व्यवसायातली ही हयगय आहे, आणि ती मी मान्य करते.

वय जितकं कमी तितका आजार जोरात पळतो. मोठ्यांत काही महिने वाढ बघून ठरवतात, मुलांत बरेच डॉक्टर वाट बघतच नाहीत. पस्तिशी-चाळिशीकडं बहुतेकांचं बुबुळ आपणहून कडक होत जातं. तोवर सांभाळायचं.

टेरीटॉवेल दादा, धाकटीचा नकाशा काढलात का? सख्ख्या भावंडांचा बघायचाच असतो.

---

टेरीटॉवेल | तीन महिन्यांनी, बुधवार, रात्री ९:५०

धागा वर काढतोय.

उजवा ५२.६. डॉक्टरबाई खूश, म्हणाल्या थांबलाय. डावा ४६.४, तोही जागचा हललेला नाही, सहा महिन्यांनी पुन्हा. धाकटीचा नकाशा दोन्हीकडं सारखा हिरवा, वर्षानं परत यायचं. ती घरात फौजदार झालीय. कुणाचा हात डोळ्याकडं गेला की "हात!" म्हणून ओरडते आणि दहा रुपये दंड. डब्यात एकशे साठ जमलेत, त्यातले नव्वद माझे. मी इतका चोळतो हे मलाच माहीत नव्हतं.

भरतीचा विषय त्यानं स्वतःच सोडला. त्यावर फार बोलत नाही, मीही काढत नाही.

लेन्सच्या मापासाठी पुढच्या आठवड्यात जायचंय. भिंगवाली ताई, काय न्यावं बरोबर?

---

भिंगवाली | बुधवार, रात्री १०:१५

सगळे नकाशे, आणि सापडल्या तर चष्म्याच्या जुन्या चिठ्ठ्या, पहिल्यापासून. टाकून दिल्या असतील तर दुकानात नोंद असते.

---

टेरीटॉवेल | बुधवार, रात्री ११:०५

पाचही सापडल्या, लाइट बिलांच्या फाइलीत. आत्ता जेवणाच्या टेबलावर ओळीनं मांडल्यात. उजव्या डोळ्याचा सिलेंडर: पाऊण, दीड, सव्वादोन, साडेतीन, पावणेपाच. पाच वेळा पैसे देऊन मी हे कागद खिशात घातले आणि एकदाही शेजारी शेजारी ठेवले नाहीत. चौथ्या चिठ्ठीच्या मागं निळ्या पेनानं लिहिलंय, "मोबाईल कमी". अक्षर माझंच आहे.